रेवोसारखी जुनी अनइन्स्टॉलर, म्हणजे कॉम्प्युटरवरचे प्रोग्रॅम काढून टाकणारी सॉफ्टवेअर कुणाला आठवतात का? आज त्यांची गरज उरली आहे का?

आठवतात म्हणजे काय, रेवो अनइन्स्टॉलरची पोर्टेबल (इन्स्टॉल न करता चालणारी) आवृत्ती असलेला पेन ड्राइव्ह अजून माझ्या ड्रॉवरमध्ये आहे.

२००९ च्या सुमारास मी मिरजेत मामाच्या सायबर कॅफेत बसायचो. सात कॉम्प्युटर, सगळ्यांवर विंडोज एक्सपी. एकदा एका मशीनवरचा मुदत संपलेला अँटिव्हायरस काढला. कंट्रोल पॅनेलच्या यादीतून नाव गेलं, पण दुसरा टाकायला घेतला की 'आधी जुना काढा' असा मेसेज. जुना तर कुठेच दिसेना! विंडोज आणि प्रोग्रॅमच्या सेटिंग्ज जिथे साठवल्या जातात ती रजिस्ट्री रेजएडिटने उघडून त्या अँटिव्हायरसची एकेक नोंद शोधून हाताने उडवण्यात माझी अख्खी दुपार गेली. त्यानंतर एका मित्राने रेवो दिलं आणि पुढे काहीही काढायचं ते त्यातूनच.

मुळात कंट्रोल पॅनेल स्वतः काहीच काढत नाही. प्रोग्रॅम टाकताना तो रजिस्ट्रीत आपलं नाव आणि आपल्याच अनइन्स्टॉलरचा पत्ता लिहून ठेवतो. विंडोज फक्त तो चालवून देतं. म्हणजे घर सोडताना भाडेकरूनेच झाडून जायचं. रेवो आधी रिस्टोअर पॉइंट (काही बिघडलं तर सिस्टिम मागे नेता येईल अशी नोंद) करायचं, मग तोच अनइन्स्टॉलर चालवायचं आणि त्यानंतर मागे राहिलेल्या फाइली आणि रजिस्ट्रीतल्या नोंदी शोधून समोर मांडायचं. टोटल अनइन्स्टॉल या दुसऱ्या अनइन्स्टॉलरची रीत वेगळी: इन्स्टॉल करण्याआधी आणि नंतर सिस्टिमची नोंद घ्यायची आणि जो फरक पडला तो उलटा फिरवायचा. मला ती जास्त पक्की वाटायची, पण आधीपासून लक्षात ठेवून वापरावी लागे, आणि कॅफेत ते कुठून जमणार?

माझा सगळ्यात आवडता होता रेवोचा हंटर मोड. स्क्रीनवर एक गोल नेम यायचा. कसली तरी अनोळखी खिडकी आपोआप उघडली की तो नेम ओढून तिच्यावर सोडायचा. ती कुठल्या प्रोग्रॅमची आहे ते ओळखून तिथूनच तो बंद करता यायचा, काढता यायचा. मशीन आपलं आहे आणि त्यात काय राहील ते आपण ठरवतो, हे मला त्या नेमाने पहिल्यांदा जाणवलं. आजच्या मोबाइलवर कंपनीने आधीच भरून दिलेली, काढता न येणारी ॲप्स बघितली की त्याची फार आठवण येते.

गरजेचं म्हणाल, तर मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधल्या ॲप्सना बहुतेक वेळा लागत नाही, ती बऱ्यापैकी स्वच्छ निघतात. नेहमीच्या डेस्कटॉप प्रोग्रॅमना मात्र अजूनही लागते. गेल्याच महिन्यात एक व्हिडिओ एडिटर काढला, तर ॲपडेटामध्ये (प्रोग्रॅम आपल्या फाइली ठेवतात ते विंडोजचं फोल्डर) त्याचं ३ जीबीचं फोल्डर तसंच पडलेलं होतं. रेवो आजही मिळतं. एकदम बरेच प्रोग्रॅम काढायचे असतील तर बल्क क्रॅप अनइन्स्टॉलर घ्या, फुकट आहे आणि ओपन सोर्सही. फक्त रजिस्ट्रीची यादी आली की सरसकट 'सिलेक्ट ऑल' करू नका. प्रत्येक ओळ त्याच प्रोग्रॅमची आहे ना, हे वाचून मगच टिक करा.