बारा वर्षं कसली म्हणून जमीन त्याची?

प्रश्न : वडील २००१ मध्ये गेले, आईही आता नाही. सातबाऱ्यावर आम्हा दोघा भावांची आणि बहिणीची नावं लागली पण वाटप कधी झालंच नाही. मी नोकरीमुळे बाहेर, धाकटा गावी राहून सगळी जमीन कसतो. सुगी झाली की दरवर्षी ज्वारीची दोन पोती पाठवायचा, दोन वर्षं झाली तीही बंद. वाटप मागितलं तर व्हॉइस मेसेज आला की बारा वर्षं होऊन गेली, पीकपाण्याला माझंच नाव आहे, आता तुझा काही संबंध नाही. खरंच गेली का जमीन?

उत्तर : नाही गेली. हे बारा वर्षांचं प्रकरण पारावर सांगतात तेवढं सोपं नाहीये.

१९६३ च्या मुदत कायद्यात अनुच्छेद ६५ आहे, त्यानुसार मालकाने ताबा परत मिळवायचा दावा बारा वर्षांत लावायचा, नाही लावला तर कलम २७ प्रमाणे त्याचा हक्कच संपतो (सरकारी जमिनीला हीच मुदत ३० वर्षं). इथपर्यंत सगळ्यांना पाठ असतं. पण ही वर्षं नांगर कधी घातला तिथून मोजत नाहीत, ताबा मालकाच्या विरोधात कधी गेला तिथून मोजतात, आणि सामाईक जमिनीत एक हिस्सेदार कसतो तो सगळ्यांच्या वतीने कसतो असंच धरून चालतात. सुप्रीम कोर्टाने १९५७ सालीच हे सांगून ठेवलंय. एकट्याने पेरलं, एकट्याने खाल्लं, तरी तेवढ्याने भागत नाही, "तुझा हिस्सा मी मानत नाही" हे दुसऱ्याला कळेल असं उघड व्हावं लागतं.

आता तुमची ती दोन पोती. तुम्हाला ती भावाची माया वाटली असेल, कोर्टात तो पुरावा आहे, कारण तोपर्यंत तो तुमचा हिस्सा मानत होता असं त्यातून दाखवता येतं. टेम्पोवाल्याची पावती, "पोती टाकलीत, उतरवून घे" असा एखादा जुना मेसेज, जे असेल ते शोधून काढा. आणि तो व्हॉइस मेसेज अजिबात उडवू नका, हिस्सा नाकारल्याची तारीख भावाने स्वतःच तुमच्या हातात दिलीय! त्याआधी कधी उघड नाकारला होता हे सिद्ध करायचं ओझं त्याच्यावर.

पीकपाण्याची नोंद कोण पेरतो ते सांगते, मालक कोण ते नाही. फेरफारही (सातबाऱ्यावरची नावं बदलण्याची नोंद) महसुलापुरता, त्याने मालकी मिळत नाही. म्हणून तलाठ्याकडे चकरा मारण्यात वर्ष घालवू नका, दिवाणी कोर्टात वाटपाचा दावा लावा आणि जमीन परस्पर विकू नये म्हणून मनाईचा अर्ज सोबतच द्या. बहिणीलाही दाव्यात पार्टी (पक्षकार) करा, तिचा हिस्सा तुमच्याइतकाच आहे (हे वाचून तुमचा चेहरा कसा झाला असेल ते दिसतंय मला).

प्रश्न : शेजारची पडीक जागा २००५ पासून मी तारेचं कुंपण घालून वापरतोय, गोठाही बांधलाय. मालक कधी फिरकले नाहीत. २०१६ मध्ये मी त्यांना "जागा विकत द्या" असं सही करून पत्र पाठवलं, उत्तर आलं नाही. आता त्यांचा मुलगा जागा खाली कर म्हणतोय. मी मालकी मागू शकतो का?

उत्तर : मागू शकता. मालकाच्या विरोधात बारा वर्षं ठेवलेला ताबा फक्त बचावात, म्हणजे मालकाने दावा लावल्यावरच, सांगता येतो असं सुप्रीम कोर्टाने २०१३ मध्ये म्हटलं होतं, २०१९ मध्ये तीन न्यायमूर्तींनी ते बदललं, त्यामुळे आता दावाही लावता येतो. पण तुमचं घोडं त्या पत्रापाशी अडतंय. "विकत द्या" म्हणजे जागेचे मालक ते, हे तुम्हीच लिहून दिलंत, आणि मुदत संपायच्या आत अशी सहीनिशी कबुली दिली की मुदत कायद्याच्या कलम १८ प्रमाणे मोजणी पुन्हा पहिल्यापासून. अकरा वर्षं झाली होती हो, एक राहिलं होतं! आता २०१६ मध्ये बारा मिळवा, २०२८ येतं, आणि मुलगा त्याआधीच दारात उभा आहे.

मुलाला भेटा, भाव ठरवा आणि रीतसर खरेदीखत करून घ्या. २०१६ मध्ये तेच तर करायला निघाला होतात.