मुलाच्या गेम्सचा क्लाउडवरचा डेटा त्याला न सांगता कायमचा कसा काढायचा?

तुमच्या प्रश्नातलं "त्याला न सांगता" वाचलं आणि लिहायला बसले, एरवी मी अशा प्रश्नांच्या वाटेला जात नाही. तुमचं म्हणणं असं की नववीतल्या मुलाच्या गेम्सनी गुगलचं खातं आणि घरातल्या आयपॅडचं आयक्लाउड, दोन्ही भरून टाकलंय. गेम काढून टाकला तरी परत टाकल्यावर होता तिथूनच सुरू होतो, आणि तुम्हाला तो मुळासकट घालवायचाय.

आधी जागेचं बोलू. गेमने फोन भरतो, क्लाउड भरत नाही. मोठा गेम फोनवर कित्येक जीबी खातो ती चित्रं, नकाशे आणि आवाज असतात. ते सहसा क्लाउडवर जात नाहीत, गेम परत टाकला की परत डाउनलोड होतात. क्लाउडवर जातं ते एवढंच: कुठल्या लेव्हलला आहे, नाणी किती, काय काय उघडलंय. गुगल प्ले गेम्समध्ये एका सेव्हला ३ एमबीची मर्यादा आहे. अँड्रॉइडचा ऑटो बॅकअप घेतो तोही एका ॲपमागे जास्तीत जास्त २५ एमबी. गुगलचे फुकटचे १५ जीबी जीमेल, ड्राइव्ह आणि फोटोज मिळून आहेत, ते गेमच्या सेव्हनी भरायचे म्हटलं तर पोराला जन्मभर खेळावं लागेल. १ जून २०२१ पासून गुगल फोटोजची अमर्याद फुकट जागा बंद झाली आणि २०२४ पासून अँड्रॉइडवरच्या व्हॉट्सॲपचा बॅकअपही याच १५ जीबीत मोजायला लागले. तुमची जागा तिथे गेली असणार. मुलगा खेळताना स्क्रीन रेकॉर्डिंग करत असेल आणि तो फोल्डर फोटोजमध्ये आपोआप चढत असेल तर तेही बघा, त्याने मात्र जीबीच्या जीबी जातात. गुगल वनच्या स्टोरेजच्या पानावर कशाने किती खाल्लंय ते सरळ दिसतं. ते पान उघडून बघितल्याशिवाय काहीही उडवू नका.

हे मी इतक्या ठासून सांगतेय कारण आमच्याच घरात हे झालंय.

आई आणि मी ठाण्यात नौपाड्यात राहतो. आई प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेली. गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि तिची तलावपाळीची संध्याकाळची फेरी सुटली. दिवसभर घरात बसून ती चिडचिडी झाली होती. शेजारच्या मुलीने तिच्या फोनवर एक शेतीचा गेम टाकून दिला. पेरायचं, कापायचं, कोंबड्यांना खाणं घालायचं, गाडीत माल भरून पाठवायचा, असा. मला वाटलं चार दिवसांत सोडेल. तिने वही घातली. दुरेघी वही, पट्टीने रकाने आखलेले: पीक, किती वेळात तयार, कुणाची ऑर्डर. गव्हाला किती मिनिटं, उसाला किती, सगळं शिक्षिकेच्या अक्षरात. हळूहळू माझ्या लक्षात आलं की ती ते शेत वाटेल तसं मांडत नाहीये. एका कोपऱ्यात विहीर, विहिरीला लागून गोठा, गोठ्यामागे झाडांची रांग, पुढे अंगण रिकामं ठेवलेलं. ही तिची गुहागरकडची माहेरची वाडी होती. ती वाडी मामांनी विकली त्याला आता बरीच वर्षं झाली. गेममध्ये आंब्याचं झाड मिळायला वरची लेव्हल लागायची, म्हणून तिने कलमांच्या जागी तोवर सफरचंदाची झाडं लावून ठेवली होती. पुढे आंबा मिळायला लागल्यावर एकेक सफरचंद काढून तिथे आंबा लावत गेली. झोपण्याआधी शेजारच्या मुलीला गॅलरीतून हाक मारून विचारायची, "अगं, आज दूध जास्त झालंय, तुला हवंय का?"

दादा ऐरोलीला राहतो, आयटीत आहे. भाऊबीजेला सगळे आमच्याकडे होते. आईच्या फोनवर "स्टोरेज फुल" येत होतं आणि जीमेलमध्ये नवीन मेल यायची थांबली होती, पेन्शनच्या बँकेची मेल तिला हवी होती. दादा म्हणाला, दे, मी बघतो. त्याने लॅपटॉपवर आईचं खातं उघडलं, ड्राइव्हच्या सेटिंग्जमध्ये "मॅनेज ॲप्स"मध्ये गेला, गेमच्या नावासमोर "डिलीट हिडन ॲप डेटा" दाबलं, आणि फोनवरही त्या गेमचं "क्लिअर स्टोरेज" करून टाकलं. आई तेव्हा स्वयंपाकघरात त्याच्याच घरी द्यायचा फराळ डब्यात भरत होती. हाकेच्या अंतरावर होती. विचारलं नाही.

दुपारी तिने गेम उघडला. मोकळी जमीन, आणि एक बाहुलं बोट दाखवून "इथे गहू पेरा" असं शिकवत होतं. तिला वाटलं दुसरंच काहीतरी उघडलं, म्हणून बंद करून परत उघडलं. मग फोन माझ्या हातात दिला. मी प्ले गेम्समध्ये बघितलं, ड्राइव्हमध्ये बघितलं. ड्राइव्हमधल्या त्या लपवलेल्या डेटाला कचरापेटी नसते, गेला तो गेला. गेम बनवणाऱ्यांना मेल लिहिली, त्यांचं सभ्य उत्तर आलं की हा सेव्ह तुमच्याच खात्यात होता, आमच्याकडे त्याची प्रत नाही.

दादाचं म्हणणं, "अगं आई, गेमच तो. परत खेळ, टाइमपास तर करायचाय." मी म्हटलं, जागा किती झाली ते तरी दाखव. स्टोरेजचं पान उघडलं तर तांबडी रेघ होती तिथेच. मग मी यादी खाली बघत गेले. सगळ्यात वर होते फोटोजमधले व्हिडिओ, त्यात पुतण्याच्या मुंजीचं ड्रोनवरचं चित्रण, दादानेच आईच्या फोनवर टाकलेलं. त्याखाली व्हॉट्सॲपचा बॅकअप. ते व्हिडिओ मी दादाला विचारून काढले, त्याच्याकडे प्रत आहे याची खात्री करून काढले, आणि फोटोजचा ट्रॅश रिकामा केला, कारण बॅकअप झालेल्या गोष्टी तिथे ६० दिवस पडून राहतात आणि तोवर जागाही अडवतात. बँकेची मेल त्यानंतर आली.

आईने तो गेम परत लावला नाही. वही अजून टीव्हीच्या खणात आहे. दादा दर गणपतीत हा विषय निघाला की म्हणतो, त्या वयात गेमचं एवढं काय मनाला लावून घ्यायचं. त्याला माझं उत्तर ठरलेलं आहे आणि तो हे उत्तर वाचत असेल तर इथेही सांगते: तुझा काड्यापेटीच्या छापांचा डबा आजही आमच्या माळ्यावर आहे. घराला रंग लावताना दरवेळी आईने तो उतरवला, पुसला आणि परत जागेवर ठेवला. तुला लग्नानंतर त्याची आठवणही राहिली नव्हती, तरी तिने तो तुला न विचारता रद्दीत दिला नाही. कशाची किंमत किती हे ज्याचं आहे त्याने ठरवायचं.

आता तुमच्या मुलाचं. परत टाकल्यावर गेम होता तिथून सुरू होतो, कारण प्रगती तीन ठिकाणी असू शकते: फोनवर, गुगल किंवा आयक्लाउडवर, आणि गेमच्या कंपनीच्या सर्व्हरवर. अनइन्स्टॉल केल्याने फक्त पहिली जाते.

अँड्रॉइडवर प्ले गेम्सच्या सेटिंग्जमध्ये खातं आणि डेटा काढायचा पर्याय आहे. त्यात एकेका गेमचा डेटा वेगळा उडवता येतो, अख्खं प्ले गेम्स खातं उडवायची गरज नसते. ड्राइव्हमधला लपलेला डेटा मी वर दादाचं सांगितलं त्याच वाटेने जातो, ते कंप्युटरच्या ब्राउझरवरून करावं लागतं. आयपॅडवर सेटिंग्जमध्ये वर नावावर टॅप करून आयक्लाउड, मग स्टोरेज, मग यादीतला गेम आणि "डिलीट". आयक्लाउडचे फुकटचे ५ जीबीच असतात, त्यामुळे ते लवकर भरतं हे खरं, पण तिथेही बहुतेक वेळा दोषी असतो तो उपकरणाचा अख्खा बॅकअप. बॅकअपमध्ये जाऊन एकेका ॲपचं बटण बंद करता येतं, मोठे गेम तिथून वगळा, प्रगतीला धक्का न लावता जागा होईल. आणि आयपॅडवरच जागा कमी पडत असेल तर "ऑफलोड ॲप" वापरा, ॲप जातं आणि त्याचा डेटा राहतो.

बीजीएमआय, क्लॅश ऑफ क्लॅन्स अशा ऑनलाइन गेम्सचं सगळं कंपनीच्या सर्व्हरवर असतं. ड्राइव्हमधून काय वाटेल ते उडवा, लॉगिन केलं की गाव जसंच्या तसं उभं. तिथे गेममधूनच खातं बंद करायची विनंती करावी लागते. ॲपमध्ये खातं उघडता येत असेल तर ते ॲपमधूनच बंदही करता आलं पाहिजे असा नियम ॲपलने ३० जून २०२२ पासून लावला, गुगलनेही २०२३ साली तसंच धोरण जाहीर केलं. त्यामुळे सेटिंग्जमध्ये शोधलंत तर सापडेल. आपल्या २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यात १८ वर्षांखालच्या मुलांच्या माहितीसाठी पालकांच्या संमतीची तरतूद आहे, म्हणजे पालक म्हणून तुमचा शब्द चालतो हे मला मान्य आहे. चालतो म्हणून मुलाच्या पाठीमागे वापरावा असं नाही.

मला वाटतं तुमचा खरा प्रश्न जागेचा नाहीच, तो फार खेळतो हा आहे. मग तसं विचारा. डेटा उडवून खेळ कमी होत नाही. तो मुलगा गेलेलं सगळं परत मिळवायला दुप्पट वेळ खेळेल, आणि तुम्हाला फोन द्यायचा बंद करेल. वेळ बांधायची असेल तर अँड्रॉइडला फॅमिली लिंक आहे, आयपॅडला स्क्रीन टाइम आहे, दोन्हीत रोजची मर्यादा घालता येते आणि ती त्याला समोर दिसते. भांडण होईल, होऊ दे. ते उघड भांडण असेल.

जुने, सोडून दिलेले गेम तर त्याच्याही खात्यात पडलेले असणारच. त्याला शेजारी बसवून यादी उघडा आणि कुठला नको ते त्यालाच दाखवायला सांगा. नववीतली मुलं अशी यादी पटापट कमी करतात, सहावीतले गेम त्यांना लाजिरवाणे वाटायला लागलेले असतात. त्याला हवे असलेले राहू देत.

उडवायचंच ठरलं तर थोडं आधी बघून घ्या. आयक्लाउडमधला डेटा काढला की त्याच ॲपल खात्यावरच्या सगळ्या उपकरणांवरून तो जातो, धाकटं भावंड त्याच खात्यावर खेळत असेल तर त्याचंही जाईल. गुगल खातं तुमचं आणि मुलाचं एकच असेल तर ड्राइव्हच्या त्या यादीत तुमचीही ॲप्स असतात, व्हॉट्सॲपचा बॅकअपही तिथेच दिसतो, त्यामुळे नाव नीट वाचून दाबा. मेनूची नावं फोनच्या मॉडेलप्रमाणे आणि अपडेटप्रमाणे इकडेतिकडे होतात, मी लिहिलं तसंच्या तसं दिसलं नाही तर अंदाजाने काहीतरी दाबू नका. आणि गेममध्ये महिन्याचं सबस्क्रिप्शन चालू असेल तर डेटा काढून किंवा ॲप काढून ते थांबत नाही, पैसे जातच राहतात. प्ले स्टोअरच्या किंवा ॲपलच्या सबस्क्रिप्शन्समध्ये जाऊन ते आधी रद्द करा, यूपीआय ॲपमध्ये ऑटोपे लागलेलं आहे का तेही तपासा, मग बाकीचं.