यांग योंग-हींचे चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत?

जपानमधील कोरियन वंशीयांचे, म्हणजे झाइनिचींचे, जगणे समजून घेण्यासाठी ओसाकातल्या झाइनिची दिग्दर्शिका यांग योंग-हींचा स्वतःच्या आईवरचा अलीकडचा माहितीपट, 'सूप अँड आयडियॉलॉजी', आधी पाहिला तर चालेल का, असे आपण विचारले आहे. माझ्या मते तसे करू नये. पहिल्या चित्रपटात जे कोडे पडते, त्याचे उत्तर खुद्द दिग्दर्शिकेलाच फार उशिरा मिळाले, आणि तो उशीर प्रेक्षकानेही अनुभवायला हवा.

म्हणून सुरुवात २००५ च्या 'डिअर प्योंगयांग'ने करावी. यांग १९६४ साली ओसाकात जन्मल्या. वडील उत्तर कोरियाशी निष्ठा असलेल्या सोरेन या संघटनेचे कार्यकर्ते होते आणि त्यांनी १९७१-७२ मध्ये आपले तिन्ही मुलगे उत्तर कोरियात पाठवून दिले. १९५९ ते १९८४ या काळात जपानमधून असे सुमारे ९३,००० लोक गेले. त्यांतल्या बहुतेकांची मुळे खरे तर दक्षिणेत होती. त्यांना तिकडे ढकलण्यात जपानमधील भेदभावाचाही वाटा होता, कारण १९५२ साली या समाजाचे जपानी नागरिकत्व सरसकट काढून घेण्यात आले होते. चित्रपटात मात्र हा इतिहास भाषणासारखा येत नाही. घरच्या कपड्यांत बसलेले वडील 'जावई अमेरिकन नको, जपानीही नको' म्हणून लेकीला बजावतात, आणि आई मुलानातवंडांसाठी औषधे, पेन्सिली, थंडीत अंगाशी धरायच्या ऊबपुड्या खोक्यात भरत राहते. मुलांना पोसण्याचा भार ओसाकातूनच वाहणारी ही बाई त्या राजवटीवर एवढी श्रद्धा कशी ठेवते, हेच ते कोडे.

या चित्रपटानंतर यांगना उत्तर कोरियात प्रवेशबंदी झाली. २०१२ चा कथाचित्रपट 'अवर होमलँड' (उपचारांसाठी काही काळापुरता जपानला आलेला भाऊ, आणि मागोमाग पाळत ठेवणारा माणूस) दोन्ही माहितीपटांच्या मध्ये जरूर पाहावा, पण माझा जीव माहितीपटांतच अधिक रमतो.

उत्तर मिळते ते २०२१ च्या 'सूप अँड आयडियॉलॉजी'त. आई अठराव्या वर्षी दक्षिण कोरियातल्या जेजू बेटावर होती. १९४८ च्या उठावानंतर दक्षिणेच्या सरकारी फौजांनी तिथे जे हत्याकांड केले, त्यात तिचा वाग्दत्त वर मारला गेला आणि ती धाकट्या भावंडांना घेऊन ओसाकाला पळाली. दक्षिणेवरचा तिचा अविश्वास तिथला आहे. हे सांगणारी आई त्याच चित्रपटात लसूण आणि जिनसेंग ठासून भरलेली अख्खी कोंबडी तासन्‌तास शिजवते, तीही सूट घालून भेटायला आलेल्या जपानी जावयासाठी. वडिलांची ती अट आधी ऐकलेली नसेल, तर ही कोंबडी नुसती पाककृती वाटेल. पुढे आईची स्मृती ढासळते आणि ती वारलेल्या नवऱ्याला व थोरल्या मुलाला घरातच शोधू लागते. तेव्हा ती कोणाला शोधते आहे, हे पहिला चित्रपट पाहिलेल्यालाच नीट कळते.