राखीव वॉर्डातून उभी राहण्याआधी

चि. बाळ, आशीर्वाद.

ग्रामपंचायतीच्या अनुसूचित जाती महिला जागेवर पॅनेलनं तुझं नाव घातलंय, हे कळलं. पण आधी कागद. जातवैधता प्रमाणपत्र हातात नसेल तर जात पडताळणी समितीकडं केलेल्या अर्जाची पोच आणि हमीपत्र जोडून फॉर्म भरता येतो. मात्र प्रमाणपत्र आणून देण्याची हमीपत्रातली मुदत चुकली की निवडून आलेलं पदही जातं. २०१८ साली सर्वोच्च न्यायालयानं ही मुदत बंधनकारक ठरवली, तेव्हा कोल्हापूर महापालिकेतलेच नगरसेवक अडचणीत आले होते.

तुझं लग्न झालंय, तरी पुरावे माहेरचे लागतात. सासरचे दाखले नेऊन हात हलवत परतणाऱ्या बायका पुष्कळ. १० ऑगस्ट १९५० पूर्वीची नोंद शोध: आजोबांच्या शाळेचा जनरल रजिस्टर उतारा, नाहीतर तहसीलमधला गाव नमुना १४, म्हणजे जन्म-मृत्यूची जुनी नोंदवही. नोंद मोडीत असली तर जाणकाराकडनं लिप्यंतर करून घे. एका कागदावर आडनाव, दुसऱ्यावर नुसतं वडिलांचं नाव असलं की त्रुटी निघते. वंशावळीच्या प्रतिज्ञापत्रात ते जुळव. सख्ख्या भावाची किंवा चुलत्याची वैधता झालेली असेल तर निम्मं काम झालं.

आता खरी मेख. जागा राखीव असते, मतदार नसतो. माणगाव परिषदेत १९२० साली शाहू महाराजांनी लोकांना आपला पुढारी आपल्यातनंच निवडायला सांगितलं. पण १९३२च्या पुणे करारानं संयुक्त मतदारसंघ आले, म्हणजे राखीव जागेलाही सगळ्या जातींचं मत, आणि आपल्यातला कोण हे दुसऱ्यांच्या मतांवर ठरू लागलं. तुझ्या वॉर्डात समोरचं पॅनेलही तुझ्याच वस्तीतली बाई उभी करणार. वस्ती दोघींत फुटते, निकाल मोठ्या भावकीच्या गल्लीत लागतो. म्हणून पॅनेलप्रमुखाला बोलणारीपेक्षा ऐकणारी बरी वाटते. मतदार यादी घे, घरं मोज, आणि त्या गल्लीत त्याच्या मागं न जाता स्वतः जा. बोलायचं ते गटारीवर, पाण्याच्या वेळेवर. जातीचा हिशेब ते लोक तुझ्याआधीच करून बसलेले असतात.

उद्या सरपंच झालीस तर कोऱ्या चेकवर सही नको. वित्त आयोगाच्या पैशाला डिजिटल सहीचं डोंगल लागतं. ते सरपंचाच्या नावचं, पण सापडतं ग्रामपंचायतीच्या संगणक ऑपरेटरच्या ड्रॉवरमध्ये, पिन चिकटवलेल्या कागदासकट. ते घरी आण, पिन बदल. आणि नुसती सदस्य राहिलीस तरी पहिल्याच मासिक सभेत ग्रामपंचायतीच्या उत्पन्नातून मागासवर्गीयांसाठी करायच्या १५ टक्के खर्चाचा मागच्या वर्षांचा हिशेब माग, तोंडी नको, लेखी.