गेम टाकला, पण चित्र नीट दिसेना : वाचकांच्या शंका

या वेळच्या पत्रांत एक गोष्ट वारंवार दिसली. चित्र बिघडलं की बहुतेकांनी आधी गेम काढून पुन्हा टाकला. पन्नास-साठ जीबीचं डाउनलोड पुन्हा केलं, नेटचा डेटा संपला आणि बिघाड जागच्या जागी, कारण तो गेमच्या फोल्डरात नव्हताच. गेमचं चित्र ड्रायव्हरमधून (कार्ड चालवणाऱ्या सॉफ्टवेअरमधून) ग्राफिक्स कार्डात, कार्डातून केबलमध्ये आणि तिथून मॉनिटरवर येतं. ते यांपैकी कुठे अडतंय हे आधी ओळखायचं आणि मगच हात घालायचा.

प्रश्न : गेममध्ये रिझोल्यूशन बदलून पाहिलं. तेव्हापासून गेम उघडला की स्क्रीन काळी होते आणि 'आउट ऑफ रेंज' अशी पाटी फिरत राहते. गेम काढून परत टाकला तरी तेच. मॉनिटर जुना, साडेअठरा इंची, व्हीजीए केबलवर आहे. (वाचक, इचलकरंजी)

उत्तर : ही पाटी मॉनिटर दाखवतोय, गेम नाही. म्हणजे कार्ड चित्र पाठवतंय, पण ते ज्या मापाचं आणि ज्या हर्ट्झचं (सेकंदाला जितक्या वेळा बदलणारं) आहे ते या मॉनिटरला झेपत नाही. साडेअठरा इंची मॉनिटर बहुधा १३६६ × ७६८ आणि ६० हर्ट्झचे असतात.

आता गेमने न झेपणारं माप यादीत दाखवलंच का? मॉनिटर आपली मापं केबलमधून कॉम्प्युटरला कळवत असतो. व्हीजीएमध्ये हे काम १२ आणि १५ नंबरच्या पिना करतात. स्वस्तातल्या केबलींत या पिनांच्या तारा कधी कधी जोडलेल्याच नसतात, जुन्या केबलीत पिन वाकलेली किंवा तुटलेली असते. मग विंडोज अंदाजाने यादी बनवतं आणि त्यात नको ती मापं शिरतात.

गेम परत टाकूनही फरक पडला नाही, कारण निवडलेलं माप गेमच्या फोल्डरात नाही तर तुमच्या यूझर फोल्डरात लिहिलेलं असतं आणि गेम काढताना ती फाइल तशीच राहते. शिवाय स्टीम या ऑनलाइन दुकानातून घेतलेला गेम असेल तर काही गेमची सेटिंग क्लाउडवर जातात. तुम्ही फाइल पुसली तरी स्टीम ती परत आणून ठेवतं. म्हणून आधी लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, जनरल इथे जाऊन क्लाउड बंद करा.

मग गेम उघडा आणि काळ्या स्क्रीनवरच ऑल्ट आणि एंटर एकत्र दाबा. बरेच गेम खिडकीत येतात आणि सेटिंग बदलता येतं. नाही आला तर ऑल्ट-एफ४ने बंद करा. फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यू मेनूत 'हिडन आयटम्स'वर टिक करा, नाहीतर अ‍ॅपडेटा फोल्डर दिसणार नाही. सी ड्राइव्ह, यूझर्स, तुमचं नाव, अ‍ॅपडेटा, लोकल या वाटेने गेमच्या नावाचं फोल्डर गाठा. गेम अनरियल इंजिनवर (गेम बनवायचं एक तयार सॉफ्टवेअर) बनवलेला असेल तर आत सेव्ह्ड, त्यात कॉन्फिग आणि त्यात 'विंडोज' नावाने सुरू होणाऱ्या फोल्डरात 'गेमयूझरसेटिंग्ज' ही फाइल मिळते. नोटपॅडमध्ये उघडून 'रिझोल्यूशनसाइझ'च्या एक्ससमोर १३६६, वायसमोर ७६८ आणि 'फुलस्क्रीनमोड'समोर २ लिहा. २ म्हणजे खिडकी. एवढी खटपट नको असेल तर फाइलचं नाव बदला, गेम नवी फाइल तयार करेल. मात्र आख्खं फोल्डर उडवू नका. शेजारच्याच 'सेव्हगेम्स'मध्ये तुमची सगळी प्रगती असते.

तिथे काही सापडलं नाही तर डॉक्युमेंट्समधलं 'माय गेम्स' बघा. युनिटी या दुसऱ्या इंजिनवरचे गेम मात्र हे आकडे फाइलीत न ठेवता रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीत, ठेवतात. रजिस्ट्री एडिटरमध्ये करंट यूझर, सॉफ्टवेअर, कंपनीचं नाव, गेमचं नाव इथपर्यंत जा आणि 'स्क्रीनमॅनेजर'ने सुरू होणाऱ्या नोंदी तेवढ्या पुसा. बाकी कशाला हात लावू नका.

आणि केबल बदला, नाहीतर पुढच्या गेमला हाच खेळ.

प्रश्न : ऑफिसमधून निघालेला जुना पीसी घेतला. आय५-२४००, आठ जीबी रॅम. नवा गेम टाकला तर 'फीचर लेव्हल ११.० हवी' असं म्हणून बंद होतो. तपासलं तर डायरेक्टएक्स १२ आहे! तरीही डायरेक्टएक्स पुन्हा पुन्हा टाकून पाहिलं. (विद्यार्थी, सांगली)

उत्तर : डायरेक्टएक्स म्हणजे गेम आणि ग्राफिक्स चिप यांना जोडणारं विंडोजचं सॉफ्टवेअर. तुम्ही पाहिलेलं १२ हे विंडोजचं आहे, ग्राफिक्सचं नाही. विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबून 'डीएक्सडायग' (dxdiag) उघडा, पहिली टॅब सोडून 'डिस्प्ले' टॅबवर जा आणि 'फीचर लेव्हल्स' ही ओळ वाचा. त्या ओळीतला सगळ्यात मोठा आकडा म्हणजे तुमच्या चिपची खरी कुवत. आय५-२४०० या दुसऱ्या पिढीच्या प्रोसेसरमधली एचडी २००० चिप १०.१ वर थांबते. ही सिलिकॉनची मर्यादा आहे, कुठलंही डाउनलोड ती वाढवणार नाही. 'डायरेक्टएक्स ११ फिक्स' म्हणून इंटरनेटवर जे मिळतं ते बहुतेक नुसतं पाणी असतं, कधी कधी विष.

उपाय एकच, वेगळं ग्राफिक्स कार्ड. पण या ऑफिस पीसींत कार्ड बसवताना लोक चार ठिकाणी हमखास अडकतात.

पहिली अडचण एसएमपीएसची, म्हणजे पीसीला वीज पुरवणाऱ्या डब्याची. बारीक कॅबिनेटमध्ये तो साधारण २४० वॅटचा असतो आणि कार्डासाठी वेगळी सहा पिनांची वायर नसते. म्हणजे स्लॉटमधून मिळेल तेवढ्यावर भागवायचं. स्लॉटची कमाल मर्यादा ७५ वॅट, पण काही ऑफिस मॉडेलमध्ये कंपनीने ती बरीच खाली ठेवलेली असते. मॅन्युअल पाहिल्याशिवाय पैसे देऊ नका. जीटी १०३० हे कार्ड सुमारे ३० वॅटमध्ये भागवतं, म्हणून अशा पीसींत ते निर्धास्त चालतं. जीटीएक्स १६५० ७५ वॅटचं आहे. ते मोठ्या कॅबिनेटमध्ये आणि बिनवायरचं मॉडेल मिळालं तरच. जीटी ७१० स्वस्तात मिळतं म्हणून घेऊ नका. ते कसंबसं ११.० गाठतं, पण २०२१नंतर त्याला नव्या गेमसाठीचे ड्रायव्हर येणं बंद झालं.

जीटी १०३० घेताना खोक्यावर 'जीडीडीआर५' (कार्डाच्या मेमरीचा प्रकार) लिहिलंय का बघा. त्याच नावाने 'डीडीआर४'वालंही विकलं जातं आणि त्याच्या मेमरीचा वेग जवळजवळ एक तृतीयांश आहे. नाव एक, माल वेगळा. हा प्रकार आम्हाला तरी सरळ फसवणुकीचाच वाटतो.

दुसरी अडचण पट्टीची. बारीक कॅबिनेटला अर्ध्या उंचीचं कार्ड आणि अर्ध्या उंचीची पत्र्याची पट्टी लागते. नव्या खोक्यात ती बहुधा मिळते, सेकंडहँडमध्ये गहाळ असते.

तिसरी, तुमचा मॉनिटर व्हीजीएचा असेल तर. या कार्डांवर व्हीजीए नसतं आणि डीव्हीआयचं जे भोक असतं ते डिजिटल. नीट पाहा: आडव्या चपट्या खाचेच्या वर-खाली चार बारीक भोकं असतील तरच त्यातून व्हीजीएचा सिग्नल मिळतो. इथे ती नसतात, त्यामुळे वीस-तीस रुपयांचा साधा डीव्हीआय-व्हीजीए जोड बसतच नाही. एचडीएमआय ते व्हीजीए असा, आत चिप असलेला कन्व्हर्टर घ्या. दुकानात दिशा स्पष्ट सांगा. व्हीजीए ते एचडीएमआय हा वेगळा असतो आणि उलटा चालत नाही.

चौथी सगळ्यात साधी. कार्ड बसवल्यावर केबल कार्डाच्या पोर्टमध्ये लावा, मदरबोर्डच्या नाही. बऱ्याच जणांची केबल सवयीने जुन्याच जागी जाते. मग एक तर डिस्प्ले येत नाही, नाहीतर येतो तो जुन्या चिपचा आणि 'कार्ड टाकूनही गेम चालत नाही' अशी तक्रार सुरू होते.

प्रश्न : २०१०च्या आसपासचा एक गेम 'डी३डीएक्स९_४३.डीएलएल सापडत नाही' असं म्हणतो. ही फाइल कुठून उतरवावी? (वाचक, मडगाव)

उत्तर : एकटीदुकटी फाइल कुठूनच उतरवू नका. विंडोज १० आणि ११ मध्ये डायरेक्टएक्स ९ चालतं, पण त्या काळचे गेम ज्या मदतनीस फाइली वापरायचे त्या सोबत येत नाहीत. मायक्रोसॉफ्टचं 'डायरेक्टएक्स एंड-यूझर रनटाइम', जून २०१०चं, टाका. ते नव्या डायरेक्टएक्सला धक्का लावत नाही. गेम स्टीमचा असेल तर बहुधा 'कॉमनरीडिस्ट' फोल्डरात हेच आधीच पडलेलं असतं.

प्रश्न : एज ऑफ एम्पायर्स २ ची मूळ सीडी जपून ठेवली होती. विंडोज १० वर टाकली तर गवत जांभळं, पाणी लाल. कार्ड गेलं का? (वाचक, नाशिक)

उत्तर : कार्ड ठणठणीत आहे. १९९९चा हा गेम एका वेळी फक्त २५६ रंग वापरतो. कुठल्या क्रमांकाला कुठला रंग, याचा एक तक्ता गेम विंडोजला देतो. नव्या विंडोजमध्ये डेस्कटॉप सांभाळणारा एक्सप्लोरर मध्येच त्या तक्त्यावर आपले रंग लिहितो. गवताचा क्रमांक बरोबर, पण त्या जागी रंग भलताच.

पूर्वी लोक टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर बंद करून खेळत. चालायचं, पण ते जुगाड झालं. आता 'सीएनसी-डीड्रॉ' हे मोफत साधन वापरा. त्यातल्या सगळ्या फाइली, म्हणजे डीड्रॉ.डीएलएल, डीड्रॉ.आयएनआय आणि शेडर्सचं फोल्डर, गेमच्या .ईएक्सईशेजारी (गेम सुरू करणाऱ्या फाइलीशेजारी) ठेवायच्या. 'द कॉन्करर्स' हे विस्तारित रूप टाकलं असेल तर त्याची .ईएक्सई 'एज२_एक्स१' या आतल्या फोल्डरात आहे, फाइली तिथे हव्यात. बाहेर ठेवल्या तर काहीच फरक पडत नाही आणि मग लोक साधनालाच दोष देतात. रुंद मॉनिटरवर माणसं जाडी दिसत असतील तर आयएनआय फाइलीत 'मेन्टास'समोर (maintas) 'ट्रू' (true) लिहा. दोन्ही कडांना काळ्या पट्ट्या येतील, पण प्रमाण बरोबर राहील. विंडोजने 'डायरेक्टप्ले' मागितलं तर होकार द्या, मल्टिप्लेअर त्यावर चालतं.

प्रश्न : लॅपटॉपवर जुना गेम उघडला की चित्राचा उजवा आणि खालचा भाग स्क्रीनबाहेर जातो. (वाचक, लातूर)

उत्तर : फुल एचडी लॅपटॉपवर विंडोज अक्षरं वाचता यावीत म्हणून सगळंच १२५ किंवा १५० टक्के मोठं करतं. जुन्या गेमला याचा पत्ता नसतो. गेमच्या .ईएक्सईवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कॉम्पॅटिबिलिटी, 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज'. तिथे खालच्या 'ओव्हरराइड'वर टिक करून 'अ‍ॅप्लिकेशन' निवडा. शॉर्टकटवर नाही, मूळ फाइलवर.

प्रश्न : गेम खेळताना पंधरा-वीस मिनिटांनी स्क्रीनवर रंगीत ठिपके आणि टोकदार त्रिकोण उमटतात. दुकानदार म्हणतो मॉनिटर बदला. (वाचक, ठाणे)

उत्तर : मॉनिटर घ्यायच्या आधी एक फुकटची चाचणी करा. ठिपके दिसत असताना स्क्रीनशॉट घ्या. स्टीममध्ये एफ१२, इतरत्र विंडोज आणि प्रिंट स्क्रीन. मग तो फोटो मोबाइलवर पाठवून तिथे उघडा. फोटोत ठिपके नसतील तर चित्र कार्डातून चांगलं निघालं आणि पुढे बिघडलं: केबल, पोर्ट किंवा मॉनिटर. ठिपके फोटोतही असतील तर मॉनिटर निर्दोष आहे.

टोकदार त्रिकोण आणि तेही थोड्या वेळाने, यावरून आमचा संशय कार्डावर आहे, विशेषतः त्याच्या मेमरीवर. हे एकाच गेममध्ये होत असेल तर आधी स्टीमच्या 'इन्स्टॉल्ड फाइल्स'मधून फाइली तपासून घ्या. सगळ्या गेममध्ये होत असेल तर कार्डाचा वेग वाढवणारं कुठलंही सॉफ्टवेअर मूळ जागी आणा, कॅबिनेटची बाजू उघडून पंखे फिरतात का बघा, धूळ काढा. तरीही राहिलं तर ड्रायव्हर कोरा करा: नेट बंद ठेवून सेफ मोडमध्ये (विंडोजची कमीत कमी गोष्टींवर चालणारी अवस्था) 'डीडीयू' या ड्रायव्हर पुसणाऱ्या साधनाने जुना काढा आणि आधीच उतरवून ठेवलेला नवा टाका. नेट चालू राहिलं तर विंडोज मध्येच स्वतःचा ड्रायव्हर घुसवतं.

एवढं करून आफ्टरबर्नरसारख्या, कार्डाचा वेग कमी-जास्त करणाऱ्या साधनातून मेमरीचा वेग १००-२०० मेगाहर्ट्झने उतरवा. ठिपके गेले तर मेमरी थकली आहे. कार्ड वॉरंटीत असेल तर तिथेच द्या. आणि विंडोज येण्याआधी, बायोसच्या स्क्रीनवरच (पीसी चालू होताच येणाऱ्या पहिल्या स्क्रीनवर) ठिपके दिसत असतील तर ड्रायव्हरच्या भानगडीत पडूच नका, बिघाड हार्डवेअरचा आहे. कार्ड ओव्हनमध्ये भाजून 'जिवंत' करण्याचे व्हिडिओ फिरत असतात. त्या नादाला लागू नका. स्वयंपाकाच्या ओव्हनमध्ये तर मुळीच नको.

प्रश्न : टीव्हीला पीसी जोडला. गेममधला नकाशा आणि गोळ्यांचा आकडा कडेला कापला जातो. (वाचक, बेळगाव)

उत्तर : टीव्ही चित्र थोडं फुगवून कडा कापतो, ही जुन्या प्रसारणाची सवय आहे. टीव्हीच्या पिक्चर मेनूत 'जस्ट स्कॅन', 'स्क्रीन फिट' किंवा 'फुल पिक्सेल' असं काहीतरी सापडेल, नाव कंपनीनुसार बदलतं. ते लावा आणि त्या एचडीएमआय इनपुटला 'पीसी' असं नाव द्या. काही टीव्हींत नुसत्या त्या नावानेच कडा सरळ होतात आणि बारीक अक्षरंही स्पष्ट येतात. ड्रायव्हरमधून चित्र आकसवण्याचा पर्यायही असतो, पण त्याने चित्र दोनदा ताणलं जाऊन धूसर होतं. टीव्हीत काहीच मिळालं नाही तरच तिकडे वळा.