आजीचे भाऊ ‘रामदास’वर नव्हते, कदाचित ‘तिलावा’वर असतील

ताई, तुमचा प्रश्न सकाळी वाचला आणि दिवसभर डोक्यात राहिला. आजीचे थोरले भाऊ १९४२ साली दिवाळी करून दापोलीहून मुंबईला गेले, तिथून आफ्रिकेच्या बोटीवर गेले आणि परत आले नाहीत. घरात सगळे म्हणतात ‘रामदास’मध्ये गेले. तुम्हाला शंका आहे की वर्ष जुळत नाही. शिवाय कुठेतरी वाचलंत की त्याच सुमारास बुडालेल्या एका बोटीवर चांदी होती आणि ती बुडवणाऱ्या पाणबुडीनेच पुढे नेताजींना नेलं. हे खरं का आणि आजीचे हे भाऊ, म्हणजे तुमचे ‘मामा’, त्या बोटीवर असतील का, असं तुम्ही विचारलंत.

तुमची शंका बरोबर आहे. ‘रामदास’ बुडाली १७ जुलै १९४७ ला, मुंबईहून रेवसला जाताना, काशाच्या खडकाजवळ. तिचा युद्धाशी काही संबंध नव्हता आणि ती आफ्रिकेला जाणारी बोट तर मुळीच नव्हती. पण कोकणातल्या इतक्या घरांतली माणसं त्या एका सकाळी गेली, की समुद्रात हरवलेला प्रत्येक माणूस पुढे ‘रामदास’चाच झाला. माझ्या स्वतःच्या घरातही एका चुलत आजोबांबद्दल असाच घोळ होता. बावीस वर्षं बोटींच्या इंजिन रूममध्ये काढल्यावर मला तो सुधारता आला.

१९४२ ची दिवाळी, मुंबई आणि आफ्रिका या तिन्ही गोष्टी जुळवल्या की माझ्यासमोर एकच नाव येतं, ‘एसएस तिलावा’. ब्रिटिश इंडिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीची, म्हणजे आपल्या जुन्या लोकांच्या ‘बीआय’ची, दहा हजार टनांची आगबोट. १९२४ साली इंग्लंडात टाइन नदीवर बांधलेली. आधीची बरीच वर्षं ती कलकत्त्याहून सिंगापूर, हाँगकाँग करत जपानपर्यंत जायची. आफ्रिकेच्या मार्गावरच्या नेहमीच्या बोटी ‘करंजा’ आणि ‘केनिया’ सरकारने युद्धासाठी घेतल्या होत्या. त्यातली ‘करंजा’ तर ‘तिलावा’ निघण्याच्या आठवडाभर आधीच, १२ नोव्हेंबरला, अल्जेरियाच्या किनाऱ्यावर बाँबहल्ल्यात गेली होती. पूर्वी जपानला जाणारी बोट अशी आफ्रिकेच्या मार्गाला लागली आणि जपानी पाणबुडीच्या तावडीत सापडली.

२० नोव्हेंबर १९४२ ला ‘तिलावा’ मुंबईहून निघाली. पुढे मोंबासा, मग आजचं मापुटो आणि शेवटी दरबान. बोटीवर ७३२ प्रवासी, २२२ खलाशी आणि नोकरवर्ग, वर चार तोफची. एकूण ९५८ माणसं. पोटात साडेसहा हजार टनांच्या आसपास माल आणि त्यात साठ टन चांदी. सोबतीला एकही लढाऊ जहाज नव्हतं.

युद्ध चालू असताना बायकामुलं घेऊन लोक समुद्रावर का निघाले, हा प्रश्न मलाही पूर्वी पडायचा. प्रवाशांत बहुतेक हिंदुस्थानी होते. पूर्व आणि दक्षिण आफ्रिकेत ज्यांचं दुकान होतं, नोकरी होती, संसार होता, अशी माणसं. दक्षिण आफ्रिकेचा तर कायदाच असा होता की तिथला हिंदी माणूस सलग तीन वर्षं बाहेर राहिला तर त्याचा तिथे राहण्याचा हक्क जाई. अशा माणसाला गावी येऊन युद्ध संपेपर्यंत बसून राहणं जमण्यासारखं नव्हतं. त्यात त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये जपान्यांनी विशाखापट्टणम आणि काकिनाड्यावर बाँब टाकले होते. त्या दिवसांत आफ्रिका पुष्कळांना मुंबईपेक्षा सुरक्षित वाटली असेल, तर त्यांचं काही चुकलं असं मला वाटत नाही.

तिसऱ्या रात्री, म्हणजे २३ नोव्हेंबरच्या पहाटे दोनच्या सुमारास, सेशेल्स बेटांच्या ईशान्येला दीड हजार किलोमीटरवर पहिला टॉर्पेडो बसला. चंद्राच्या कला मागे मोजत गेलो तेव्हा मला कळलं की ती त्रिपुरी पौर्णिमेची रात्र होती. गावी देवळांपुढे दीपमाळा लावायची रात्र. बोटीवर मात्र युद्धकाळाच्या नियमाप्रमाणे अंधार. उघड्या समुद्रात पूर्ण चंद्राखाली दहा हजार टनांची बोट किती लांबून दिसते, हे रात्रपाळी केलेल्या कुणालाही विचारा.

पहिल्या टॉर्पेडोने बोट बुडाली नाही. पण धावपळ उडाली आणि लोक लाइफबोटींकडे लोटले. इथे थोडं थांबून सांगतो, कारण ज्यांनी लाइफबोट खाली सोडलेली नाही त्यांना वाटतं, होड्या होत्या तर मग माणसं गेली कशी? लाइफबोट दोन टोकांना दोरांवर टांगलेली असते. दोन्हीकडचा दोर सारख्या वेगाने सोडावा लागतो. एका बाजूची चार माणसं घाबरून जरा लवकर ढिली पडली की होडी नाकावर उभी राहते आणि आतले सगळे पाण्यात. बोट कलंडलेली असेल तर वरच्या अंगाची होडी बोटीच्या कुशीला घासत उतरते आणि खालच्या अंगाची इतकी लांब झुलते की चढताच येत नाही. आम्ही दिवसाउजेडी, धक्क्याला लागलेल्या बोटीवर, आपलीच शिकलेली माणसं घेऊन सराव करायचो तरी कुणाचा तरी हात सोलायचा. इथे मध्यरात्र, शेकडो प्रवासी, कडेवर मुलं, आणि बहुतेकांच्या आयुष्यातली ती समुद्रावरची तिसरीच रात्र.

तरीही बरीच माणसं होड्यांत उतरली. मग बोट तरंगते आहे असं दिसल्यावर काहीजण परत वर चढू लागले. त्यांच्या जागी मी असतो तर मीही चढलो असतो. अंधाऱ्या पाण्यात हेलकावणारी होडी आणि समोर अजून उभं असलेलं घराएवढं लोखंड, यांत माणूस लोखंडच निवडतो. तासाभराच्या आत दुसरा टॉर्पेडो आला आणि त्यात ‘तिलावा’ गेली. पहिल्या तडाख्यातून वाचलेल्यांपैकी किती जण या दुसऱ्यात गेले, ते मला आजही सहज वाचवत नाही. दोन्हींच्या मधल्या वेळात वायरलेसवरून मदतीची हाक जात राहिली होती. पुढे जे वाचले ते त्या हाकेमुळे वाचले.

दोन दिवस माणसं होड्यांवर, तराफ्यांवर आणि फळकुटांवर होती. २५ नोव्हेंबरला ‘बर्मिंगहॅम’ ही ब्रिटिश युद्धनौका पोहोचली. तिने ६७४ जणांना वर घेतलं आणि ‘कार्थेज’ने चौघांना. २७ तारखेला ‘बर्मिंगहॅम’ मुंबईला आली. जिथून निघाले, आठवड्याने तिथेच. २८० माणसं मात्र आली नाहीत. त्यांत २५२ प्रवासी होते आणि २८ बोटीवरचे नोकर.

पाणबुडीबद्दल तुम्ही वाचलंत ते खरं आहे. ती जपानची आय-२९. पाच महिन्यांनी, २८ एप्रिल १९४३ ला, मादागास्करच्या आग्नेयेला खवळलेल्या समुद्रात नेताजी आणि त्यांचे सहकारी आबिद हसन जर्मन पाणबुडी यू-१८० वरून रबरी होडीने हिच्यावर आले आणि सुमात्राजवळच्या साबांगला उतरले. आझाद हिंद सेनेचा पुढचा इतिहास त्या प्रवासाशिवाय घडला नसता. आणि त्याच पाणबुडीने आपल्या दोनशे ऐंशी माणसांना समुद्रात घातलं होतं. मी नेताजींना मानणारा माणूस आहे आणि ही गोष्ट पहिल्यांदा कळली तेव्हा रात्रभर झोप लागली नव्हती. कुणी म्हणतं असलं काही बोलू नये, नेताजींचा अपमान होतो. मला ते पटत नाही. ‘तिलावा’ बुडवल्याची माहिती नेताजींना होती असं मी कुठेही वाचलेलं नाही, आणि बुडालेल्यांनी मौन पाळावं असं तर नेताजीही म्हणाले नसते. १९४४ च्या जुलैत फिलिपाइन्सच्या उत्तरेला अमेरिकेच्या ‘सॉफिश’ या पाणबुडीने आय-२९ लाही तळाशी पाठवलं. तिच्यावरचा एकच माणूस वाचला.

आता चांदी. ती दक्षिण आफ्रिकेच्या सरकारने नाणी पाडण्यासाठी विकत घेतली होती. २०१७ साली एका खासगी कंपनीने अडीच किलोमीटर खोल समुद्रातून २,३६४ लाद्या वर काढून इंग्लंडला नेल्या आणि बुडालेला माल वाचवल्याची बक्षिसी मागितली. खटला चालला तो इतक्याच मुद्द्यावर की बुडताना ती चांदी व्यापारी उपयोगात होती की नाही, कारण परक्या सरकारच्या मालावर असा दावा तो माल व्यापारी उपयोगात असेल तरच चालतो. खालच्या दोन्ही न्यायालयांत कंपनी जिंकली. ८ मे २०२४ ला ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने उलट निकाल दिला आणि दक्षिण आफ्रिकेच्या बाजूने कौल दिला. त्या चांदीची लादीन् लादी मोजलेली आहे. कायद्याच्या दृष्टीने त्यात काही गैर नाही. पण ‘तिलावा’चं नाव शोधलं की आधी पानंच्या पानं चांदी येते आणि माणसं पार खाली कुठेतरी, याचा मला राग येतो. २०२२ साली, ऐंशी वर्षांनी, मुंबईत त्यांच्या आठवणीसाठी वंशज जमले. तोवर या बोटीचं नाव आपल्याकडे किती जणांना माहीत होतं?

आता तुमच्या मामांकडे येऊ. आजीला एक गोष्ट नीट विचारा. त्या ‘भाऊ बोटीवर गेला’ म्हणतात की ‘बोटीनं गेला’? आपल्याकडे ‘बोटीवर गेला’ म्हणजे नोकरीला गेला आणि ‘बोटीनं गेला’ म्हणजे प्रवासी म्हणून. तुम्ही प्रश्नात ‘बोटीवर’ लिहिलंय, पण ते तुमचे शब्द की आजीचे, त्यावर पुढचा सगळा शोध अवलंबून आहे.

नोकरीला असतील तर वाट बरीच सरळ आहे. शत्रूच्या हल्ल्यात मेलेल्या हिंदी खलाशांची नावं राष्ट्रकुल युद्धस्मशान आयोगाकडे (कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशन) आहेत. दुसऱ्या महायुद्धातल्या नाविक आणि व्यापारी बोटींवरच्या सहा हजारांहून अधिक माणसांची नामावली पुस्तकरूपात आहे. एक प्रत चितगावला आणि एक आपल्या मुंबईत, मशीद बंदरच्या इंडियन सेलर्स होममध्ये. आयोगाच्या संकेतस्थळावरही बोटीच्या नावाने आणि तारखेने शोधता येतं. फक्त तिथे माणसाचं नाव शोधत बसू नका. इंग्रजी कारकुनाने कानाला आलं तसं लिहिलेलं असतं, पुष्कळदा नुसतंच पहिलं नाव, आडनाव नाही. ‘तिलावा’ आणि २३ नोव्हेंबर १९४२ असं शोधा आणि जी थोडी नावं येतील ती सगळी मोठ्याने वाचून बघा. डोळ्यांना न दिसलेलं कानाला ओळखू येतं. माझ्या चुलत आजोबांचं नाव मला असंच सापडलं, दुसऱ्या बोटीच्या यादीत, तिसऱ्यांदा वाचताना.

घरात जुनी पत्र्याची पेटी असेल तर तीही बघा. खलाशाच्या नोकरीच्या नोंदीची पुस्तिका असते, जुने लोक तिला ‘नली’ म्हणायचे. शेवटच्या फेरीची नली त्यांच्याबरोबरच गेली असेल, पण आधीच्या फेऱ्यांचं काही, पगाराची चिठ्ठी किंवा मनीऑर्डरची पावती, मागे राहिलेली असते. त्यावर बोटीचं नाव असतं. काही सापडलं तर फोटो पाठवा, अक्षर लावायला मी मदत करीन.

प्रवासी असतील तर अवघड आहे. सेलर्स होमच्या त्या पुस्तकात प्रवाशांची नावं नाहीत. ‘तिलावा’च्या वंशजांनी मिळून नावं जमवायला घेतली आहेत, त्यांना लिहा. तुमच्याकडचं एक नाव त्यांनाही उपयोगी पडेल.

आणि आजीला आणखी एक विचारा. घरात मामांचं श्राद्ध कोणत्या तिथीला करतात? सर्वपित्रीला करत असतील, तर घरी तारीख कधी पोहोचलीच नाही. पण त्रिपुरी पौर्णिमेला किंवा तिच्या दुसऱ्या दिवशी, कार्तिक वद्य प्रतिपदेला करत असतील, तर तेव्हा कुणीतरी दापोलीपर्यंत येऊन नक्की काय घडलं ते तुमच्या पणजोबांना सांगितलं होतं. मग मला लगेच कळवा.