फिल्म संस्थेत न शिकता स्वतंत्र (मोठ्या निर्मितीसंस्थांबाहेर काढलेल्या) चित्रपटांचा संकलक होता येते का? त्यासाठी कोणते सॉफ्टवेअर शिकावे?

सॉफ्टवेअरचा प्रश्न आधी निकालात काढतो. दाविंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती घ्या आणि कामाला लागा. पुढे अ‍ॅव्हिड किंवा प्रीमिअरवर काम करावे लागले, तरी एक नीट हातात बसले की दुसरे जड जात नाही.

खरे कष्ट रशेस, म्हणजे चित्रीकरणाचे सगळे कच्चे फुटेज, पाहण्यात आहेत. प्रत्येक टेक शेवटपर्यंत, दिग्दर्शकाने ‘कट’ म्हटल्यानंतरचे क्षण धरून पाहावा लागतो, कारण नटाच्या चेहऱ्यावरचा उत्तम भाव पुष्कळदा संवाद संपल्यावरच उमटतो. समजा, भाकरी थापणाऱ्या आईला मुलगी सांगते, ‘मी नोकरी सोडली.’ नवखा संकलक वाक्य संपेपर्यंत मुलीवर थांबतो आणि मग आईकडे जातो. वाक्य अर्ध्यावर असतानाच आईवर कट केला आणि मुलीचा आवाज तसाच चालू ठेवला, की प्रसंग आईचा होतो. शिवाय आता मुलीचे ओठ दिसत नसल्यामुळे तिचा शब्द मागेपुढे सरकवता येतो. सेकंदाला 24 फ्रेम धरल्या, तर ‘सोडली’ हा शब्द अवघ्या 6 फ्रेमने, म्हणजे पाव सेकंदाने, उशिरा आणला की आईचे हात त्याआधीच थबकलेले दिसतात, आणि तिला हे अगोदरच कळले होते, असे प्रेक्षकाला वाटू लागते. पटकथेत हे कुठेही लिहिलेले नसते. माहितीपटात तर पटकथेचा बराचसा भाग संकलनाच्या टेबलावरच लिहिला जातो, म्हणून शिकण्यासाठी मी नेहमी माहितीपटच सुचवतो.

आता संस्थेविषयी. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिक्षणाइतकेच मोलाचे मिळतात ते सोबती. संकलनासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या रेणू सलुजा तिथल्याच, आणि ज्यांचे चित्रपट त्यांनी संकलित केले ते कुंदन शाह, सईद मिर्झा, विधू विनोद चोप्रा हेही तिथलेच. प्रवेश मिळाला नाही, तर हे गोत आपल्याला स्वतः जमवावे लागेल: मित्रांचे लघुपट, आणि अंधेरी-वर्सोव्याकडच्या एखाद्या एडिट रूममध्ये सहायकाची उमेदवारी. तिथे आवाज चित्राशी जुळवणे (सिंक करणे), टेकना नावे देणे, बॅकअप घेणे अशी कंटाळवाणी कामे वाट्याला येतात, परंतु दिग्दर्शक आणि संकलक एखाद्या दृश्यावरून कसे भांडतात, हे ऐकायला दुसरी जागा नाही.

केवळ स्वतंत्र चित्रपटांवर घर चालेल, या भरवशावर राहू नये. माझ्या ओळखीतले बहुतेक जण जाहिराती, कॉर्पोरेट फिल्म आणि प्रोमो करूनच अशा चित्रपटांसाठी वेळ काढतात. मानधन हप्त्यांत ठरवावे: काही करार होताना, काही रफ कटला (पहिली कच्ची जुळणी झाल्यावर), उरलेले पिक्चर लॉकला (दृश्यांची जुळणी कायम झाल्यावर). रफ कटनंतर किती फेऱ्यांपर्यंत बदल करून द्यायचे, हेही त्याच कागदावर लिहून घ्यावे, कारण पदरचे पैसे घालून चित्रपट काढणाऱ्या दिग्दर्शकाला तो कधीच पुरा झालासा वाटत नाही.